व्यक्ती क्रमांक सात

साधल्यांच्या मांडवात शिरताना चपला बाहेर काढायच्या, हे शिरखोलमध्ये कोणाला सांगावं लागत नसे. तशी पाटी कधी लावली नव्हती. रामकथा चालते तिथली जमीन तळव्यांना लागली पाहिजे, मग ती गार असो की तापलेली, असं वासुदेवबुवा म्हणायचे. त्यामुळे चैत्रातल्या नऊ दिवसांत मांडवाबाहेर चपलांचा ढीग पडायचा आणि कीर्तन सुटल्यावर निम्मा गाव दुसऱ्याच्या चपला घालून घरी जायचा. दुसऱ्या दिवशी अदलाबदल होई. कोणी तक्रार करत नसे.

मांडव म्हणजे फणसाचे बारा खांब, वर कौलं, तीन बाजू मोकळ्या. चौथ्या बाजूला दोन खोल्या आणि स्वयंपाकघर. तिथे बुवांची मुलगी वृषाली एकटी राहायची. वय अठ्ठावन्न. चिपळूणच्या शाळेत बरीच वर्षं संगीतशिक्षिका होती, मग वडिलांच्या आजारपणात परत आली ती आलीच. बुवांच्या मागे पेटीवर बसणं हा तिचा लहानपणापासूनचा मान. बुवा जाऊन तीन वर्षं झाली होती, तरी उत्सव चुकला नव्हता. कीर्तनकार बाहेरून येत, पेटीवर वृषालीच.

प्रतिपदेच्या पहिल्या कीर्तनाआधी, गळ्यात हार पडला की बुवा एक वाक्य न चुकता म्हणायचे. "मंडळी, ही जागा माझी नाही. माझ्या वडिलांचीही नव्हती. ज्याची आहे त्याच्या नावाने बसा, आणि खुशाल पाय पसरा." पाय पसरा म्हटलं की बायका हसत, आणि तिसऱ्या खांबाशी बसलेले तात्या मेस्त्री खरोखरच पाय पसरत. मग झांज उचलत.

हे वाक्य बुवांना वडिलांकडून आलं होतं. गावाची नगर-मोजणी झाली तेव्हा मोजणीचा साहेब मांडवात उभा राहून विचारता झाला, ही जागा कोणाची. बुवांचे वडील सोवळ्यात होते, पूजेची घाई होती. ते म्हणाले, रामाची. साहेबाने मालकाच्या रकान्यात लिहून टाकलं, 'राम'. आडनाव नाही, बापाचं नाव नाही. खोल्यासुद्धा त्याच नंबरात गेल्या. पुढे साठेक वर्षं मिळकत पत्रिकेवर हा राम तसाच राहिला. घरात त्याचं सगळ्यांना कौतुक होतं. ती दुरुस्त करून घ्यावी असं कोणाला वाटलं नाही. रामाचं नाव खोडायला अर्ज कोण करणार?

२०४६ च्या दिवाळीनंतर नगरपंचायतीला बाजारपेठेलगत गाड्या चार्ज करण्यासाठी जागा हवी झाली. तेव्हा कोणीतरी तो रकाना वाचला.

मुख्याधिकारी नवा होता, तरुण आणि बोलायला नम्र. त्याने वृषालीला खुर्ची दिली, पाणी विचारलं आणि सांगितलं की कागदावरचा मालक ठरवता येत नसेल तर नव्या वहिवाट कायद्याप्रमाणे जमिनीचं थरवाचन होतं. कागद खोटे करता येतात, साक्षीदार फिरवता येतात, जमीन फिरवता येत नाही. तुमची हरकत असेल तर तसं लिहून द्या, तो म्हणाला.

हरकत कसली? वृषालीने हसत सही केली. साठ वर्षांहून जास्त काळ त्या जमिनीवर तिच्या आईने हात फिरवला होता, वडील उभे राहिले होते, ती रांगली होती. वाचा म्हणाली, आमचीच पावलं निघतील.

यंत्राचं सरकारी नाव लांबलचक होतं. लोक त्याला थरवाचक म्हणत. त्यामागचं शास्त्र तसं साधं. माणूस जिथे वावरतो तिथे स्वतःला थोडा थोडा सांडत असतो. तळव्याची कातडी झिजते, केस गळतो, बोलताना तुषार उडतात. त्या प्रत्येक कणात त्याचा डीएनए असतो. उघड्या फरशीवर तो काही दिवसांत नासून जातो. पण चिकणमातीचे कण त्याला घट्ट धरून ठेवतात, आणि वरून शेणामातीचा नवा हात फिरला की खालचा थर बंद होतो, बरणीला झाकण लागावं तसा. पावसाळा संपला की मांडव चोपून सारवला जायचा. दर वर्षी दोनेक मिलिमीटरचा थर. वर कौलं असल्याने काही वाहून गेलं नाही. सहासष्ट वर्षांत अर्धी वीत जमीन वाढली होती, आणि झाडाच्या खोडात वर्षं मोजावीत तशी ती मोजता येत होती.

थर कोणत्या वर्षाचा हेही कळायचं. गेल्या शतकातल्या अणुचाचण्यांनी हवेत एक विशिष्ट कार्बन वाढवून ठेवला आणि तेव्हापासून तो वर्षागणिक उतरत आला आहे. गवत त्या वर्षीची हवा पितं, गाय ते गवत खाते, शेणात त्या वर्षाची खूण उतरते. बाईने हात फिरवताना तिला माहीतही नसतं की आपण तारीख टाकतो आहोत.

दोन मुली आल्या, पेन्सिलीएवढ्या जाड नळ्यांनी मांडवभर भोकं पाडली, मातीच्या कांड्या पेटीत भरल्या आणि वृषालीने केलेलं थालीपीठ खाऊन गेल्या. महिन्याने अहवाल आला.

मांडवात सहाशे अकरा माणसं सापडली होती. त्यांत साधल्यांच्या घरची नऊ. अहवालात कोणालाच नाव नव्हतं, सापडले त्या क्रमाने आकडे दिले होते. चपलांनी सगळं झाकून टाकावं आणि जमिनीला काही कळू नये, असं गावातल्या इतर जागांचं झालं होतं. इथे उलट झालं. अनवाणी येणाऱ्या प्रत्येकाला जमिनीने जवळ करून ठेवलं होतं. आणि सहासष्टच्या सहासष्ट थरांत सापडलेला माणूस एकच होता. तो बुवा नव्हते, त्यांच्या घशाच्या दुखण्याचं एक वर्ष मुंबईत गेलं होतं आणि शेवटची तीन वर्षं ते नव्हतेच. वृषालीही नव्हती, पहिले आठ थर तर तिच्या जन्माआधीचे. तो होता 'व्यक्ती क्रमांक सात', साधल्यांशी रक्ताचं नातं नाही, स्थान कायम तिसऱ्या खांबाशी.

नगरपंचायतीचा निर्णय दोन पानांचा होता. ज्या जागेत रक्ताच्या नात्याबाहेरचे सहाशे दोन लोक पिढ्यान्‌पिढ्या विनाअडथळा वावरतात, आणि त्यांपैकी एक तर एकही वर्ष न चुकता, ती जागा सार्वजनिक होय. मांडव आणि त्याला लागून असलेल्या खोल्या साठ दिवसांत मोकळ्या कराव्यात. हरकत असल्यास जिल्हा वहिवाट लवादाकडे अपील करता येईल.

वृषालीने तो कागद देवाजवळ ठेवला, पुन्हा उचलला, आणि दुपारच्या गाडीने रत्नागिरीला वकील शमा मुकादम यांच्याकडे गेली.

शमा मुकादम पस्तिशीची, बोलणं चटपटीत. तिची आजी शिरखोलची. लहानपणी आजीबरोबर आपणही त्या मांडवात सुंठवडा खाल्लेला आहे, म्हणजे सहाशे अकरात एक आकडा माझाही असणार, ती म्हणाली आणि लगेच गंभीर झाली. अहवाल खोटा ठरवता येणार नाही, तो खरा आहे. प्रश्न एवढाच की ही माणसं हक्काने आली की परवानगीने. परवानगीने आलेला माणूस शंभर वर्षं आला तरी जागेवर त्याचा हक्क उभा राहत नाही. तेव्हा गावातल्या जमतील तितक्या लोकांनी प्रतिज्ञापत्रं द्यायची की आम्ही साधल्यांच्या परवानगीने येत होतो. पन्नासेक पुरतील. पण सात नंबरचं हवंच, त्याच्याशिवाय उपयोग नाही.

वृषालीने विचारलं, जागा रामाची आहे असंच सांगितलं तर?

शमाने मान हलवली. तसं म्हटलं तर ती देवस्थानाची ठरते. देवस्थानाचा कागद नाही, पंच नाहीत, म्हणजे कारभार पुन्हा नगरपंचायतीकडे. "ताई, एकतर जागा तुमची, नाहीतर सगळ्यांची. कायद्यात तिसरा खण नाही."

मग तिने संगणकावर मांडवाचा नकाशा उघडला. एकेका वर्षाचा थर उलगडत गेला. बुवा उभे राहत त्या जागेपासून समोर पंख्यासारखा एक पिवळसर डाग पसरलेला होता. हे काय, वृषालीने विचारलं. शमा म्हणाली, हा श्वास. गाताना तोंडातून बारीक तुषार उडतात ते समोर पडतात. जितका आवाज मोठा तितका पंखा लांब. ऐन उमेदीच्या वर्षांत तो पाचव्या खांबापर्यंत पोचला होता. शेवटच्या वर्षी हातभर उरला होता. वृषाली त्या हातभर डागाकडे पाहत राहिली. त्या वर्षी पेटीचा सूर तिने दोन पट्ट्या खाली घेतला होता, आणि लोकांना कळू नये म्हणून स्वतःच मोठ्याने गायली होती.

"आणि हा बघा, टाळेबंदीचा थर," शमा म्हणाली. त्या चैत्रात साऱ्या देशाला घरात बसवलेलं. वृषाली तेव्हा चिपळुणात अडकली होती. उत्सव झालाच नाही असंच ती आजवर धरून चालली होती, आणि आईवडिलांनीही कधी वेगळं सांगितलं नव्हतं. पण त्या थरात पंखा होता, पाचव्या खांबापर्यंत लांब. सारवणात आईचा हात होता. आणि समोर, तिसऱ्या खांबाशी, एकच माणूस. नऊ दिवस बुवांनी एका श्रोत्यासाठी भर आवाजात कीर्तन केलं होतं.

तात्या मेस्त्री चौऱ्याऐंशीचे. मांडवाचे खांब त्यांनी आणि त्यांच्या वडिलांनी तासले, तेव्हा तात्या अठराचे होते. खांब उभे केले त्या संध्याकाळी घामेजलेल्या अंगाने तिसऱ्या खांबाला टेकून बसले, बुवांचं पहिलं कीर्तन ऐकलं, आणि ती जागा त्यांची झाली. पुढे कोणी झांज हातात दिली. बुवा त्यांना मेस्त्री म्हणत, ते बुवांना बुवा. एकमेकांच्या घरी जेवायला गेल्याचं वृषालीला आठवत नव्हतं. जे काही होतं ते मांडवात होतं.

वृषाली त्यांच्या घरी गेली तेव्हा तात्या ओटीवर चोपण्याचा दांडा बसवत होते. दिवाळीनंतर मांडव चोपताना तो निसटला होता. सुनेने कोरा चहा आणला. वृषालीने अहवालाची गोष्ट सांगितली तेव्हा तात्यांना मजा वाटली.

"मी सातवा? मग पहिले सहा कोण? तुझा बाप आणि तुमची मांजरं?"

मांजरंही सापडली आहेत, वृषाली म्हणाली, पण त्यांना नंबर दिलेला नाही. तात्या खोकला येईपर्यंत हसले. मग तिने टाळेबंदीचं विचारलं. तात्या दांड्याकडे बघत म्हणाले, हो, परसातल्या वाटेने यायचो. पोलीस नाक्यावर असायचे. तुझी आई म्हणायची, कोणाला सांगू नका. म्हणून नाही सांगितलं. बुवा म्हणाले होते, एक तर एक, मेस्त्री, ऐकणारा असला म्हणजे झालं.

ते ऐकल्यावर पिशवीतला कागद बाहेर काढणं तिला जड गेलं. तरी काढला. वाचून दाखवला. 'मी सदर मांडवात साधले कुटुंबाच्या परवानगीने, त्यांच्या मर्जीनुसार येत असे. सदर जागेशी माझा कोणताही संबंध नाही व नव्हता.'

तात्यांनी दांडा खाली ठेवला. "परवानगी कोणी दिली गो मला? मी मागितलीच कधी?"

तिने शमाने सांगितलेलं सगळं सांगितलं. तात्या ऐकत होते, पण त्यांचं मन त्या एका शब्दावर अडलं होतं.

"म्हणजे मी परका होतो, असं लिहायचं."

"परका नाही तात्या. पाहुणा."

"पाहुणा सहासष्ट वर्षं राहत नाही, बाय."

 आत सून कांडत होती. मग तात्यांनी विचारलं, सही नाही केली तर काय होईल. वृषालीने खरं ते सांगितलं. खांब काढतील, जमिनीवर काँक्रीट घालतील, गाड्या उभ्या राहतील. कीर्तन संपेल. मला चिपळुणात भाड्याने खोली बघावी लागेल. हे सांगताना तिचा आवाज फुटला. अठ्ठावन्न वर्षांची बाई त्यांच्या ओटीवर रडायला लागल्यावर तात्यांना काय करावं कळेना. त्यांनी पेन मागितलं.

त्यांनी सावकाश, एकेक अक्षर तासल्यासारखं, पूर्ण नाव लिहिलं. मग म्हणाले, परत वाच. तिने परत वाचलं.

"काय लिहितात बघ," तात्या म्हणाले. "खरंच वाटतं."

सुनावणी माघात झाली. बाकीची त्रेपन्न प्रतिज्ञापत्रं सहज मिळाली होती. गावाला वृषालीचं वाईट वाटत होतं, आणि सहीला काय लागतं? लवादाच्या खोलीत भिंतीएवढ्या पडद्यावर मांडवाचा नकाशा लावलेला होता. तो बंद करायचं कोणाला सुचलं नाही, त्यामुळे सगळा वेळ बुवांचा श्वास सगळ्यांच्या डोक्यामागे पसरलेला होता.

नगरपंचायतीच्या वकिलाकडे एक ध्वनिफीत होती. कोणीतरी सोळा वर्षांपूर्वी मोबाईलवर घेतलेलं प्रतिपदेचं कीर्तन. त्याने ती लावली. खोलीत बुवांचा आवाज आला, थोडा खरखरीत, मागे वृषालीच्या पेटीचा षड्ज. मंडळी, ही जागा माझी नाही. माझ्या वडिलांचीही नव्हती. पाय पसरावर हसणाऱ्या बायका आल्या, त्यांतल्या निम्म्या आता नव्हत्या, आणि झांजेचा एक ठोका आला. तिथे त्याने ध्वनिफीत थांबवली.

लवादाच्या अध्यक्षबाईंनी वृषालीला शपथेवर विचारलं, याचा अर्थ काय घ्यायचा.

शमाने उत्तर बसवून घेतलेलं होतं. वृषाली म्हणाली, ती बोलायची रीत होती. कीर्तनात नम्रतेने असं म्हणतात. प्रत्येक कीर्तनकार काही ना काही म्हणतो.

"म्हणजे तुमच्या वडिलांना ते मनापासून म्हणायचं नव्हतं?"

हा प्रश्न बसवलेला नव्हता. वृषालीने समोर पाहिलं. पडद्यावर तो पंखा होता, पाचव्या खांबापर्यंत गेलेला. इतक्या लांब जाणारा आवाज मनापासून नसतो कसा? बारा वर्षांची असल्यापासून ती त्या वाक्यामागे षड्ज धरून बसली होती. त्या वाक्याला वडिलांचा स्वर किंचित वर चढायचा, आणि तो कधी खोटा लागला नव्हता. तिच्या डोळ्यांपुढे चिपळुणातली भाड्याची खोली आली, उखडलेले खांब आले.

"नव्हतं," ती म्हणाली.

त्यानंतर तात्यांना बोलावलं. त्यांना खुर्चीत बसून उत्तर द्यायची मुभा होती, तरी ते उभे राहिले. विचारलं, तुम्ही मांडवात परवानगी घेऊन जात होता का? तात्यांनी वृषालीकडे पाहिलं नाही.

"हो," ते म्हणाले, आणि बसले.

परतीच्या गाडीत ते खिडकीशी होते. एरवी प्रवासात ते काहीतरी गुणगुणत, मांडीवर बोटांनी ठेका धरत. त्या दिवशी हात मांडीवर नुसते होते. उतरायच्या आधी एवढंच म्हणाले, "बुवांचा आवाज चांगला होता गो त्या वर्षी."

निकाल फाल्गुनात लागला. अपील मंजूर. मिळकत पत्रिकेवरचं 'राम' हे नाव कमी करून तिथे वृषाली वासुदेव साधले असं लागलं. खाली दोन अटी होत्या. यापुढे मालकाच्या परवानगीवाचून कोणी आत येत नाही हे दिसावं म्हणून नोंदवही ठेवावी आणि तशी पाटी लावावी. दर पाच वर्षांनी थरवाचन होईल. नोंदवहीत नसलेली पावलं त्यात सापडली तर हा निकाल आपोआप रद्द समजावा.

शमाने फोनवर अभिनंदन केलं. वही म्हणजे नुसता उपचार आहे, ती म्हणाली, पण एक पाऊलही सोडू नका. वृषालीने शाळेत हजेरीला असते तशी लांब वही आणली. पाटी रंगवून घेतली. अक्षर शक्य तितकं लहान घ्यायला सांगितलं.

गुढीपाडव्याला पहिल्या कीर्तनाला चाळीस-बेचाळीस जण आले आणि वहीपाशी रांग लागली. रांगेत उभं राहून या मांडवात कोणी कधी शिरलं नव्हतं. नाव, वेळ, सही, मग चपला. शेजारच्या सुरेखावहिनी सही करता करता म्हणाल्या, आम्ही पाहुणे ना आता, मग पत्रिका नाही आली ती घरी, हळदीकुंकू लावलेली? लोक हसले. वृषालीही हसली. चिपळूणहून आलेली कीर्तनकार मुलगी गोड गळ्याची होती, पण पहिलं नमन झाल्यावर सगळे क्षणभर काहीतरी ऐकायची वाट पाहत राहिले. ते वाक्य आता कोणाला म्हणता येणार नव्हतं. पाय कोणी पसरले नाहीत. तिसऱ्या खांबाशी कोणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी पंचवीस जण. तिसऱ्या दिवशी अकरा. कोणी रागावलं नव्हतं. ज्याला त्याला काहीतरी काम निघत होतं. येताजाता कीर्तन कानावर पडलं की खांद्यावरचं ओझं उतरवून घटकाभर टेकणारी माणसं, भाजीवाली, गाडीचा ड्रायव्हर, शाळेतून सुटलेल्या पोरी, ही वहीत नाव लिहायला थांबत नसत. ती रस्त्यावरून मान वळवून बघत आणि पुढे जात. वृषाली पेटीवरून त्यांना बघायची. एकदा तिने हाताने या या केलं. त्या बाईने पाटीकडे बोट दाखवलं आणि हसून मान हलवली.

तात्या आले नाहीत. बरं नसेल म्हणून चौथ्या दिवशी ती प्रसाद घेऊन गेली. तात्या ओटीवर बसलेले होते, ठणठणीत. येत का नाही विचारल्यावर म्हणाले, येईन की. बोलावणं आलं की येईन.

मी आले आहे ना बोलवायला, ती म्हणाली. त्यावर त्यांनी प्रसाद कपाळाला लावला.

नवमीला जन्माचं कीर्तन दुपारी बाराचं. मांडवात सोळा माणसं. पाळणा फुलांनी सजवलेला, सुंठवड्याचं ताट झाकलेलं. कीर्तनकार मुलगी जन्माच्या क्षणाशी येऊन पोचली होती. सगळ्यांच्या मुठीत फुलं होती. वृषाली पेटी दुसरीला देऊन पाळण्याची दोरी हातात घेणार, इतक्यात तिला मांडवाच्या कडेला तात्या दिसले.

धुतलेला सदरा, डोक्याला टोपी, काखेत झांज. सारवलेली जमीन जिथे सुरू होते त्याच्या अलीकडे, उन्हात उभे होते. पायांत चपला होत्या.

"येऊ का?" त्यांनी विचारलं.

ती उठून कडेपर्यंत गेली. हलक्या आवाजात म्हणाली, तात्या, असं काय विचारता, बारा वाजतायत, चला.

"विचारायलाच पाहिजे, बाय. शपथेवर सांगितलंय मी, परवानगी घेऊन येतो म्हणून. तेव्हा ते खोटं होतं. खोटं तसंच ठेवून वर कसा जाऊ? बुवा विचारतील. आता उरलेले दिवस ते खरं करतो." ते तिच्या तोंडाकडे पाहत होते, रागाने नाही, बुवांच्या तोंडाकडे पाहत तसेच. "सांग ना गो. येऊ का?"

मागे कीर्तन थांबलं होतं. सगळे वळून पाहत होते. वृषालीला उत्तर देणं भाग होतं, आणि शब्द एकच होता. अहवाल, निकाल, मिळकत पत्रिका यांनी जे झालं नव्हतं ते त्या शब्दाने होणार होतं.

"या," ती म्हणाली. आणि ती त्या मांडवाची मालकीण झाली.

तात्यांनी चपला काढल्या, एकमेकींशेजारी नीट लावून ठेवल्या. वहीत नाव लिहिलं, वेळ लिहिली, अकरा अठ्ठावन्न. मग आत न जाता कडेच्या खांबाशी, आयत्या वेळी आलेले बसतात तिथे, पाय पोटाशी घेऊन बसले. झांज पुढ्यात ठेवली.

कीर्तनकार मुलीला यातलं काही माहीत नव्हतं. उशीर होत होता आणि म्हातारा माणूस उन्हात बसलेला तिला बघवेना. तिसऱ्या खांबाकडे हात करून ती म्हणाली, "आजोबा, पुढे या ना. इथे जागा आहे."

तात्यांनी बसल्या जागेवरून हात जोडले.

"ती जागा माझी नाही," ते म्हणाले.

तिसऱ्या खांबाशी जमीन एका माणसाच्या बैठकीएवढी खोलगट होती. दर वर्षी सारवताना वृषालीच्या हाताला ती लागायची. मुलीने घड्याळाकडे पाहिलं आणि खूण केली. वृषालीने दोरी ओढली.